सातवं नाव

लॉ कॉलेज रोडला, टेकडीच्या अंगाला,
खोली नंबर चारमध्ये मी तेवीस वर्षं
फिल्मच्या कडा चाचपल्या.
पांढरे सुती हातमोजे, भिंग, रिवाइंडचा दांडा.
फाटलेली भोकं मोजायची, सांधे मोजायचे,
डब्याला नाक लावायचं,
व्हिनेगरचा वास आला की लाल खूण.
सिनेमा बघणं हे माझं काम नव्हतं.

तरी ती दिसलीच.

स्वीडनहून अदलाबदलीत आलेले अकरा सिनेमे,
सेहेचाळीस ते साठ सालातले.
नामावलीत ती सातवी, कधी नववी,
एकदा नुसतीच ‘इतर’मध्ये.
गुनव्होर एकलिंड.
पुण्यात कुठल्याही गोष्टीवर मत देणारा सापडतो,
पण हा उच्चार सांगणारा काही सापडला नाही.
तेव्हा मीच रजिस्टरात लिहिलं: गुणवरा.

सेहेचाळीसला गुणवरा टपालकचेरीत शिक्के मारते.
एकोणपन्नासला नायिकेची मैत्रीण.
नायिका पुलावर नायकाशी बोलते तोवर
दोन्ही सायकली हिच्या हातात.
त्रेपन्नला नर्स.
पंचावन्नला पुन्हा नर्स, बहुधा तोच गणवेश,
कमरेला टाके उसवून ढिला केलेला.
अठ्ठावन्नला घरमालकीण, किल्ल्यांचा जुडगा,
दाराशी एकच वाक्य.
ते मला पाठ आहे. अर्थ माहीत नाही.

आणि त्याच सिनेमाचं पाचवं रीळ.
नायिका रडते. बराच वेळ रडते, सुंदर रडते.
मागे डाव्या कोपऱ्यात गुणवरा बटाटे सोलते,
एकच लांब साल, न तोडता.
साल तुटते.
ती थांबते, तुकड्याकडे बघते,
आणि इकडेतिकडे न बघता
तो ॲप्रनच्या खिशात टाकते.
हे तिला कुणी सांगितलेलं नसणार.
कॅमेऱ्याचा डोळाही तेव्हा नायिकेच्या आसवांवर.

रीळ मागे फिरवून पुन्हा बघायची परवानगी नव्हती,
फिल्मवर ओरखडे उठतात.
तेवीस वर्षांत नियम मोडला तो एवढ्यासाठी,
आणि, आता सांगायला हरकत नाही, चारदा.

डबा खाताना निमकरांनी विचारलं,
“हसबनीसबाई, हिरो कोण हो त्यात?”
मटकीचा घास हातात धरून
मला कार्ड बघायला उठावं लागलं.

चौऱ्याऐंशी साली मी पत्र टाकलं, पदरचं तिकीट लावून.
सात महिन्यांनी स्टॉकहोमहून उत्तर आलं, तीन ओळी.
एकसष्टनंतर सिनेमात काम नाही.
एका लहान गावात लोकरीचं दुकान.
मृत्यू एकोणऐंशी, फेब्रुवारी.

एकोणऐंशीच्या फेब्रुवारीत मी
तिच्या दुसऱ्या नर्सची भोकं मोजत होते.
रजिस्टर काढून बघितलं. हो, तेच दिवस.

संध्याकाळी लक्ष्मी रोडला उतरले,
राखाडी लोकरीचे दोन गुंडे घेतले.
“स्वेटरला दोन पुरायचे नाहीत,” दुकानदार म्हणाला.
मला विणता येत नाही, हे त्याला सांगितलं नाही.
ते अजून कपाटात आहेत, डांबरगोळीसकट.

फिल्म कुजते ती कडेकडून.
मधल्या चेहऱ्याला वेळ असतो.
नायिकेची आसवं अजून काचेसारखी स्वच्छ.
गुणवराची आधी एक सायकल गेली,
मग खांदा,
मग टपालाची खिडकी अर्धी.
पाचव्या रिळात गालापर्यंत डाग आलाय,
पण हात आहेत. सुरी आहे. साल अजून तुटते.

निवृत्तीच्या आदल्या दिवशी शेऱ्याच्या रकान्यात
मी लिहिलं:
कडा गेली आहे. डावीकडच्या बाईला जपावे.

साहेबांनी ते हिरव्या शाईने खोडलं.
वर लिहिलं:
स्थिती मध्यम.